नाव तंतोतंत जुळलं पाहिजे

रेशन कार्डावरचं नाव आणि शाळेच्या दाखल्यावरचं नाव यांत एका वेलांटीचा फरक असला तर माणसाचं काय होतं, हे सरकारी कचेरीतल्या बाकड्यांनी मला फार पूर्वीच शिकवलं होतं. हाच धडा पन्नाशी उलटल्यावर एका व्हिडिओ गेमकडून पुन्हा शिकावा लागेल, असं मात्र वाटलं नव्हतं.

त्याचं असं झालं. गणपतीला दादा येणार होता. दादा म्हणजे माझा सख्खा मोठा भाऊ. वडिलांच्या पश्चात जुन्या घराच्या वाटण्या झाल्या, तेव्हापासून आमचं बोलणं पाऊस आणि रक्तातली साखर या दोनच विषयांवर येऊन थांबलं होतं. भांडण झालं नाही. झालं असतं तर बरं, असं आमची ही म्हणते. भांडणात निदान माणसं बोलतात तरी. "अहो, सरळ बोला की त्यांच्याशी," असाही तिचा सल्ला होता. आता दोन सख्खे भाऊ सरळ बोलायला लागले तर देशातली निम्मी दिवाणी कोर्टं बंद पडतील! तेव्हा मी दुसरा उपाय योजला. घरातल्या कॉम्प्युटरवर दादाचा जुना व्हिडिओ गेम बसवायचा.

गेमचं नाव गॅलागा. १९८४ च्या सुमारास ठाण्याला स्टेशनजवळच्या एका बोळात, पत्र्याच्या शेडमध्ये कपाटाएवढी चार मशीन्स होती. रुपयाचं नाणं टाकलं की खेळ सुरू. दादा अकरावीत, मी चौथीत. खेळायचा दादा, त्याचं दप्तर धरून उभं राहायचं आणि घरी कुणाला सांगायचं नाही, ही माझी कामं. पडद्याच्या तळाशी आपलं एक लढाऊ विमान, वर किड्यांचे थवे. त्यातला मोठा किडा खाली येऊन निळसर झोत सोडायचा आणि आपलं विमान ओढून न्यायचा. दादा मुद्दाम त्या झोताखाली जायचा. मी जिवाच्या आकांतानं ओरडायचो, "दादा, पळ!" तो पळायचा नाही. मग पुढच्या विमानानं त्या किड्याला टिपून पहिलं विमान सोडवून आणायचा, आणि दोन्ही विमानं शेजारी शेजारी उभी राहून दुप्पट गोळ्या झाडायची. शेवटी पहिल्या पाचांत आलं तर नावाची तीन अक्षरं लिहायला मिळत. रात्री मालक मशीन बंद करायचा आणि यादी पुसली जायची. दादाची कीर्ती रोज संध्याकाळी जन्मायची आणि रोज रात्री मरायची.

तर हा खेळ आता घरच्या कॉम्प्युटरवर आणायचा. माझ्या भाच्यानं सांगितलं, "मामा, सोपं आहे. एम्युलेटर टाकायचा." एम्युलेटर म्हणजे आपल्याकडचा बहुरूपी. बहुरूप्यानं फौजदाराचा वेष घेतला की गावातला अट्टल चोरदेखील दचकतो. तसा हा प्रोग्रॅम जुन्या मशीनचं सोंग इतकं हुबेहूब घेतो की आतल्या खेळाला आपण नव्या घरात आलोय याचा पत्ताच लागत नाही. या बहुरूप्याचं नाव मेम. भाचा आठवडाभर फोनवर "मेम चालली का? मेम का रुसली?" असं विचारत होता, आणि स्वयंपाकघरात भांडी जरा जास्तच आपटत होती.

ही मेम इटलीची. निकोला सालमोरिया नावाच्या इटालियन गृहस्थानं ती ५ फेब्रुवारी १९९७ रोजी जगापुढे आणली. सुरुवातीला तिला मोजकेच खेळ येत होते. आज हजारो येतात. जगभरच्या लोकांनी हे काम फावल्या वेळात, पदरमोड करून केलं. गंमत म्हणजे, खेळता यावं हा आपला मुख्य हेतूच नाही, असं ही मंडळी सांगतात. जुनी मशीन्स आतून नेमकी कशी चालत होती याची नोंद ठेवायची. खेळता येणं हा जोडलाभ. म्हणजे पोथ्यांचे कागद विरण्याआधी नकलून ठेवणाऱ्या लेखनिकांचाच हा वंश. फक्त पोथ्यांत किडे मारायचे होते.

आणि या पोथ्या खरोखरच विरत चालल्या होत्या. खेळ असतो चिपांमध्ये. पॅकमॅनसारखा जगप्रसिद्ध खेळ, त्याचा प्रोग्रॅम अवघा १६ केबी आणि चित्रं ८ केबी. चिपा काढून वाचायच्या आणि फाइलला चीपचं नाव द्यायचं, म्हणजे बोर्डावर ती ज्या खोबणीत बसली होती त्या खोबणीचं नाव: सहा ई, सहा एफ, सहा एच. चाळीतल्या खोल्यांचे नंबरच जणू! काही चिपा मात्र वाचू देत नाहीत. त्यांचं कवच ॲसिडनं विरघळवून, आतला गाभा सूक्ष्मदर्शकाखाली धरून, त्याचे फोटो काढून वाचावं लागतं. काही कंपन्यांनी तर नक्कल होऊ नये म्हणून कुलूप घातलं आणि कुलपाची किल्ली एका छोट्या बॅटरीच्या जिवावर ठेवली. कॅपकॉम कंपनीचा १९९३ सालचा बोर्ड असाच होता. बॅटरी संपली की किल्ली पुसली जायची आणि खेळ कायमचा बंद! आपल्याकडे काही म्हातारे तिजोरीचा नंबर कुणालाच न सांगता जातात, तोच प्रकार. सालमोरिया आणि त्याच्या सोबत्यांनी २००७ साली त्या कुलपाचं गणितच उलगडलं. त्यानंतर त्या घराण्यातले खेळ बॅटरीच्या मरणातून सुटले.

मेमचं ज्ञान अगाध, पण बोलणं मोजकं. म्हणून तिच्यापुढे एक दर्शनी दुकान मांडतात, त्याला फ्रंटएंड म्हणतात. खेळांच्या नावांचं फिरतं चक्र, चित्रं, छोटे चलच्चित्रपट, सगळा थाट त्याचा. प्रत्यक्षात हा फक्त पंगतीतला वाढपी. तुम्ही पानावर बोट ठेवलं की तो आत जाऊन आचाऱ्याला सांगतो, "एक गॅलागा." आचारी मेम. भाच्यानं दुकान मांडून दिलं आणि खेळ भरायचं काम माझ्यावर सोपवून तो बंगलोरला निघून गेला.

मी तीस वर्षं फाइली सांभाळलेला माणूस. आलेल्या फाइलींची नावं बघून मला कीवच आली. कसली ती आखूड, तुटकी नावं! १९९७ साली मेम डॉसवर चालायची, आणि डॉसला आठ अक्षरांपेक्षा लांब नाव खपत नसे. ती कंजुषी पुढे अंगवळणी पडली. मी एका रविवारी बसून सगळी नावं शुद्ध, पूर्ण, वर्षासकट लिहून काढली. संध्याकाळी दुकान उघडलं तर चक्र रिकामं! फोन केला तेव्हा भाचा आधी हसला, मग म्हणाला, "मामा, नाव तंतोतंत जुळलं पाहिजे. फाइलीचं नाव, यादीतलं नाव, चित्राचं नाव, तिन्ही अक्षर न् अक्षर एक. ती नावावरूनच शोधते." म्हणजे रेशन कार्डच! दुसरा रविवार सगळी नावं पुन्हा अशुद्ध करण्यात गेला.

मग नवाच पेच. पॅकमॅनची फाइल आहे, नाव बरोबर आहे, तरी मेम म्हणते, कागदपत्रं अपुरी. कारण पॅकमॅन हा मूळपुरुष नव्हेच. १९८० साली नामको कंपनीच्या तोरू इवातानी या पंचविशीतल्या तरुणानं तो जपानात काढला तेव्हा त्याचं नाव होतं पकमॅन. अमेरिकेला जाताना कुणाच्या तरी लक्षात आलं की मशीनवरच्या पहिल्या इंग्रजी 'पी'ची गोलाई जरा खरवडली की त्याचा 'एफ' होतो. पुढचं लिहीत नाही. हे पुस्तक घरातली सगळी माणसं वाचतात. तर नाव बदललं. पण मेमच्या दप्तरी वडील पकमॅन आणि मुलगा पॅकमॅन, अशीच नोंद आहे. वडिलांची फाइल नसेल तर मुलगा चालत नाही.

हे नीट कळेना, तेव्हा भाच्यानं व्हिडिओ कॉलवर शिकवणी घेतली. "फाइली तीन प्रकारे ठेवतात. एक, एकत्र कुटुंब: वडील आणि सगळी मुलं एकाच गाठोड्यात. दुसरा, वेगळी चूल: मुलाचं वेगळं तेवढंच त्याच्याकडे, सामाईक सामान मात्र वडिलांच्या घरात, वडिलांचं घर गेलं की मुलगा अडला. तिसरा, प्रत्येकाचा स्वतंत्र फ्लॅट, सगळं सामान दोन दोनदा. कुठला ठेवू?"

मी बराच वेळ गप्प राहिलो. तो म्हणाला, "मामा, रेंज गेली का?"

म्हटलं, "एकत्रच ठेव."

तरी आणखी एक खोड राहिलीच. फाइली आणि मेम एकाच सालच्या लागतात. कुणाला एखाद्या चीपची जास्त चांगली प्रत सापडते, मग नोंद सुधारते, मग जुनी फाइल चालत नाही. गेल्या वर्षीच्या पंचांगावर यंदाचा मुहूर्त काढण्यातलाच प्रकार. तेही निस्तरलं.

आता जरा नाजूक मुद्दा. या खेळांचे हक्क अजून त्या त्या कंपन्यांकडे आहेत. मालकांनी परवानगी दिलेले थोडे खेळ मेमच्या संकेतस्थळावर राजरोस मिळतात. त्यांतला एक तर पूर्व जर्मनीचा, पॉलीप्ले नावाचा. त्या सरकारी मशीनमधल्या एका खेळाचं नाव, अक्षरशः, 'पाण्याचा पाइप फुटला'. समाजवादाला करमणुकीची ही एवढी जाण असेल असं वाटलं नव्हतं! मी पापभीरू माणूस, म्हणून आठवडाभर याच खेळांवर राहिलो. पण पुढे गणपती जवळ आले आणि माझा सज्जनपणा गॅलागापाशी संपला. फाइल कुठून आली ते मी भाच्याला विचारलं नाही, त्यानं सांगितलं नाही. मामा-भाच्याच्या नात्यात एवढं चालायचंच.

दादा आला. आरती झाली, मोदक झाले, पाऊस झाला, साखर झाली. मग मी त्याला कॉम्प्युटरसमोर बसवलं. पडद्यावर गॅलागा! नामकोचा, १९८१ चा, शिगेरू योकोयामानं रचलेला, अस्सल जपानी. दादानं चष्मा वर केला, खाली केला.

"हा आपला नव्हे," तो म्हणाला.

"अरे, हाच तो! हा मूळ आहे."

"असेल मूळ. आपल्या मशीनवर नाव वेगळं होतं. गॅलॅग. इंग्रजीत दोन 'एल'. मी रोज वाचायचो, बाळ्या. तू दप्तर धरून उभा असायचास, तुला कुठून दिसणार?"

मी भाच्याला फोन लावला. तो म्हणाला, "बरोबर आहे मामांचं. तो चोरटा बोर्ड. कुणीतरी गॅलागाची नक्कल मारून नाव बदलून विकायचा. मेमकडे तोही आहे."

"नकलेचीसुद्धा नोंद?"

"सगळ्याची. खेळात चूक असेल तर ती चूकसुद्धा. गॅलागात डावीकडचे ठरावीक दोन किडे शिल्लक ठेवून पंधरा-एक मिनिटं नुसता चुकवाचुकवी करत राहिलास, तर पुढे किडे गोळ्या झाडायचंच विसरतात. ती कंपनीची चूक. मेमनं ती दुरुस्त नाही केली, जशीच्या तशी ठेवलीय."

"मग गॅलॅगची फाइल आता कुठून आणायची?"

"आणायची कशाला? तू एकत्र कुटुंब घेतलंस ना? वडिलांच्या गाठोड्यात तो असणारच. तूच दुकानात 'नकला लपवा' या चौकटीत खूण केली असशील."

केली होती. दुकान नीटनेटकं दिसावं म्हणून मीच केली होती. खूण पुसली, आणि अस्सल गॅलागाच्या पोटातून आमचा तो ठाण्याच्या बोळातला, दोन 'एल'वाला लबाड पोरगा हजर झाला. आमचं सगळं बालपण डुप्लिकेट मालावर गेलं होतं, आणि परदेशात कुणीतरी तो डुप्लिकेट माल स्पेलिंगसकट जपून ठेवला होता.

"नाणं कुठं टाकायचं?" दादानं विचारलं.

"पाच नंबरचं बटण दाब, की पडतं. हवी तेवढी टाक, फुकट आहे."

"फुकट असलं की हात ढिला पडतो," म्हणत त्यानं पाच एकदाच दाबलं.

सुरुवातीला त्याचा हात थरथरत होता. दोन विमानं गेली. मग मोठा किडा खाली आला, निळसर झोत सोडला, आणि दादा सरळ त्याच्याखाली जाऊन उभा राहिला. "आता हे नेलं तर उरणार कुठलं? दादा, पळ!" मी एवढ्यानं ओरडलो की ही हातात पळी घेऊन बाहेर आली. दादा पळाला नाही. किड्यानं विमान नेलं आणि खेळ संपला. "एक विमान हाताशी राखून ठेवावं लागतं, विसरलोच," असं म्हणून त्यानं पुन्हा पाच दाबलं, पुन्हा एकदाच. या खेपेला मात्र विमान सोडवून आणलं, आणि दोन विमानं शेजारी शेजारी उभी राहिली. पुढची दहा मिनिटं पाऊस आणि साखर या दोन्ही विषयांची कुणाला आठवण झाली नाही.

शेवटी यादीत नाव लिहायची वेळ आली. दादा थांबला.

"रात्री पुसलं जाईल ना?"

"नाही. भाच्यानं सोय केलीय. आता राहतं."

"राहतं? मग नीट विचार करून लिहू दे."

त्यानं तीन अक्षरं लिहिली. एक त्याच्या नावाचं, एक माझ्या, आणि तिसरं आडनावाचं. आडनावाची वाटणी झालेली नव्हती.

तिन्ही अक्षरं बरोबर पडली आहेत ना, हे मात्र मी दोनदा तपासून घेतलं.