दारू सुटल्यावर हाताला काम

1947 च्या उत्तरार्धात मराठवाड्यात शिंदीच्या झाडांवर कुऱ्हाडी चालल्या. निजामाविरुद्धच्या हैदराबाद स्टेट काँग्रेसच्या लढ्यात जंगल सत्याग्रह, करोडगिरीच्या, म्हणजे जकातीच्या, नाक्यांवरचे हल्ले आणि शिंदीतोड ही सगळी एकाच मोहिमेची अंगे होती. निजामाच्या तिजोरीत आबकारीचा वाटा मोठा; झाड पाडले की सरकारचे उत्पन्न बुडते, इतका साधा हिशेब. उस्मानाबाद, म्हणजे आजचा धाराशिव जिल्हा, हैदराबाद राज्याच्या पश्चिम सरहद्दीवर. झाडे पडली आणि सप्टेंबर 1948 मध्ये निजामाची सत्ताही गेली. पिणारा मात्र होता तिथेच राहिला. त्याच्याकडे बघायला तेव्हा कोणाला सवड नव्हती.

पुढेही भर बंदीवरच राहिला. 1949 चा मुंबई दारूबंदी कायदा आला, आणि 2008 पासून गावातल्या निम्म्याहून अधिक महिला मतदारांनी कौल दिला तर दुकानाला टाळे, अशी आडव्या बाटलीची पद्धत रुळली. दुकान बंद पाडण्याची आपली परंपरा दांडगी आहे. सुटलेल्या माणसाला पुन्हा कामाला लावण्याची परंपरा मात्र जेमतेम चाळीस वर्षांची, आणि तिचे ठळक उदाहरण पुण्याचे.

अनिल अवचटांनी ‘गर्द’वर लिहिलेली लेखमाला वाचून पु. ल. आणि सुनीताबाई देशपांडे अस्वस्थ झाले. त्यांनी एक लाख रुपये देऊ केले. येरवड्याच्या मनोरुग्णालयात मनोविकारतज्ज्ञ असलेल्या डॉ. सुनंदा अवचट यांनी जबाबदारी घेतली, आणि 29 ऑगस्ट 1986 रोजी त्याच आवारात ‘मुक्तांगण’ हे व्यसनमुक्ती केंद्र सुरू झाले. डॉक्टर, गोळ्या, योग, गटचर्चा हे सारे होतेच. पण खरी नवलाई वेगळी होती: जो इथे बरा झाला तोच इथे नोकरीला लागला. नव्याने आलेला गडी डॉक्टरांना बिनदिक्कत सांगतो, “रोज थोडीच घेतो, क्वार्टरच्या वर नाही.” समोरचा समुपदेशक हसून म्हणतो, “मीही हेच सांगायचो.” तिथेच थाप संपते. ज्या भूतकाळामुळे बाहेर कोणी दारात उभे करत नव्हते, तोच इथे कामाची पात्रता ठरला. व्यावसायिक पुनर्वसनाचा इतका नेमका नमुना शोधून सापडणार नाही. अडचण एवढीच, की समुपदेशकांच्या जागा किती असणार?

बाकीच्यांना काम कुठले द्यायचे, याला जगाने शेत आणि कारखाना अशी उत्तरे शोधली. अमेरिकेत केंटकीतल्या लेक्सिंग्टनला 1935 मध्ये सरकारने व्यसनींसाठी अवाढव्य शेत काढले. रुग्ण गाई दोहत, कपडे शिवत, पिके काढत. बाहेर पडल्यावर मात्र बहुतेक जण पुन्हा अफूजन्य पदार्थांकडे वळत. काम होते, पण ते कुंपणाच्या आतले. इटलीत 1978 मध्ये सुरू झालेल्या सान पात्रिन्यानो वसाहतीत राहणारे तर द्राक्षांची वाइनही बनवतात! व्यसनमुक्तीच्या वसाहतीत वाइन, हे आपल्याकडच्या एखाद्या सभेत सांगून पाहावे.

धाराशिवची गाठ निराळीच आहे. कळंब, वाशी, भूमकडची माणसे दिवाळीच्या सुमाराला कोयता घेऊन साखरपट्ट्यात उतरतात. मुकादम आधी ‘उचल’ देतो, नवरा-बायको मिळून एक कोयता धरला जातो, आणि पुढचे पाच-सहा महिने मुक्काम फडावर. नुकतीच दारू सोडलेल्या माणसाच्या दृष्टीने याहून वाईट वेळापत्रक नाही. एकरकमी पैसा हातात, अंग मोडून काढणारे काम, गावातला पाठपुरावा तुटलेला. तोडलेल्या उसाच्या मळीपासून पुढे मद्यार्क निघतो, हा त्यातला आणखी एक कडू योग. आता प्रश्न फक्त दारूचाही राहिलेला नाही. 2025 मध्ये तुळजापुरातले एमडी या अमली पदार्थाचे प्रकरण गाजले, आरोपींच्या यादीत काही पुजाऱ्यांचीही नावे आली, तेव्हा जिल्हा हादरला.

तरी नव्याने कामाला लागण्याचा एक मोठा अनुभव याच मातीत आहे. 30 सप्टेंबर 1993 च्या भूकंपात उमरगा-लोहारा पट्टा उद्ध्वस्त झाला. घरांच्या दुरुस्ती कार्यक्रमात गावोगाव बायका ‘संवाद सहायक’ झाल्या. सरकार, गवंडी आणि घरमालक यांच्यातला दुवा त्यांनी सांभाळला. ‘स्वयम् शिक्षण प्रयोग’सारख्या संस्थांनी पुढे त्यांच्याच बचत गटांतून छोटे धंदे उभे केले. हे जाळे व्यसनमुक्तीसाठी विणलेले नव्हते, पण कर्ज कोणाला पेलेल आणि कोण पैसे उडवेल, हे बँकेपेक्षा या गटांना जास्त कळते. जोडीला उस्मानाबादी शेळी आहे: कोरड्या रानात तगणारी, अनेकदा जुळी देणारी. शेळीला रविवार नसतो. सकाळी सोडायची, पाणी दाखवायचे, संध्याकाळी मोजून आत घ्यायची. रिकामा वेळ हा ज्याचा मोठा शत्रू, त्याला असे बांधून ठेवणारे काम फडापेक्षा केव्हाही बरे.

अमली पदार्थांची मागणी घटवण्यासाठीच्या केंद्राच्या 2018 च्या राष्ट्रीय कृती आराखड्यात बरे झालेल्यांना कौशल्य प्रशिक्षण आणि उपजीविकेची मदत देण्याची तरतूद आहे. ती कागदावरून गोठ्यापर्यंत यायची तर सुरुवात गावाने करावी. उपचार घेऊन परतलेल्या माणसाला मुकादमाची उचल घेण्याआधी गावातच काम मिळते का, ते ग्रामपंचायतीने आणि बचत गटाने पाहावे. आणि निदान पहिले वर्ष त्याची मजुरी, त्याच्या संमतीने, आठवड्याच्या आठवड्याला घरच्यांच्या खात्यात जमा करावी.