संधिसाधूपणा

संधिसाधूपणा म्हणजे अनुकूल परिस्थितीचा लाभ उठवताना तत्त्व, दिलेला शब्द किंवा दुसऱ्याचे हित यांची पर्वा न करण्याची वृत्ती होय. केवळ संधी साधणे हा दोष मानला जात नाही. वेळ ओळखून पाऊल उचलणे हा व्यवहारचातुर्याचाच भाग समजला जातो. मिळालेला लाभ कष्ट, जोखीम व दूरदृष्टी यांतून आला की समोरच्याच्या अज्ञानातून आणि नाइलाजातून, यावर या दोहोंतील भेद अवलंबून असतो. नीतिशास्त्र, राज्यशास्त्र, अर्थशास्त्र आणि कायदा या शाखांत या भेदाची चर्चा होते. महाराष्ट्रात नवी मुंबईतील भूसंपादन आणि त्यानंतरचे जमिनीचे व्यवहार हे या चर्चेचे ठळक उदाहरण आहे.

शब्द आणि अर्थच्छटा

'संधी' हा शब्द संस्कृतातील 'सम्' हा उपसर्ग आणि 'धा' हा धातू यांपासून बनला असून त्याचा मूळ अर्थ सांधा किंवा जोड असा आहे. व्याकरणातील वर्णांचा संयोग, दोन राज्यांतील तह आणि अनुकूल वेळ हे अर्थ त्यातूनच आले. 'संधिसाधू' या शब्दातील उत्तरपदाचा साधुसंतांशी संबंध नाही. ते 'साधणे' या क्रियापदावरून आले आहे.

मराठी वाक्प्रचारांत या वृत्तीच्या पायऱ्या दिसतात. 'वाहत्या गंगेत हात धुऊन घेणे' यात सौम्य उपहास आहे. 'आपल्या पोळीवर तूप ओढून घेणे' यात स्वार्थावर बोट ठेवले आहे. तर 'मढ्याच्या टाळूवरचे लोणी खाणे' यात दुसऱ्याच्या विपत्तीवर लाभ उठवणाऱ्याचा उघड धिक्कार आहे.

तात्त्विक विचार

ॲरिस्टॉटलने आपल्या 'पॉलिटिक्स' या ग्रंथात थेल्स या तत्त्ववेत्त्याची कथा सांगितली आहे. ऑलिव्हचे पीक भरघोस येणार हे ओळखून थेल्सने हिवाळ्यातच मायलीटस व कायोस येथील तेलघाणे अल्प भाड्याने घेऊन ठेवले आणि हंगामात ते चढ्या दराने देऊन मोठा नफा कमावला. अंदाज चुकला असता तर नुकसान त्याचेच झाले असते. त्यामुळे ही कथा सहसा चतुराईची म्हणून सांगितली जाते.

रोमन विचारवंत सिसेरो याने इ.स.पू. ४४ मध्ये लिहिलेल्या 'दे ऑफिकीस' या ग्रंथात अधिक अवघड प्रश्न मांडला आहे. ऱ्होड्स बेटावर दुष्काळ पडला असताना एक व्यापारी ॲलेक्झांड्रियाहून धान्य घेऊन तेथे पोहोचतो. धान्याची आणखी जहाजे मागून येत आहेत, हे त्याला ठाऊक आहे. बेटावरील लोकांना ठाऊक नाही. त्याने हे सांगावे, की गप्प राहून चढ्या भावाने विक्री करावी? बॅबिलोनच्या डायोजेनीसच्या मते विक्रेत्याने कायद्याने आवश्यक तेवढेच सांगावे. अँटिपेटरच्या मते ग्राहकापासून काहीही लपवू नये. सिसेरोने अँटिपेटरची बाजू घेतली. स्वतःच्या लाभासाठी समोरच्याला त्याच्या हिताच्या माहितीपासून वंचित ठेवणे म्हणजे लपवाछपवीच होय, असे त्याचे म्हणणे होते.

आधुनिक अर्थशास्त्रात ऑलिव्हर विल्यमसन (२००९ चे नोबेल पारितोषिक विजेते) यांनी ही संकल्पना मध्यवर्ती मानली. माहिती लपवून किंवा विपर्यस्त करून स्वार्थ साधण्याची शक्यता असते, म्हणूनच करार, देखरेख आणि संस्था यांवर समाजाला खर्च करावा लागतो, असे त्यांनी प्रतिपादिले.

राजकारणातील संधिसाधूपणा

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात फ्रान्समधील गांबेता यांच्या नेमस्त प्रजासत्ताकवादी गटाला 'संधिसाधू' हे नाव मिळाले. योग्य वेळ येईपर्यंत सुधारणा लांबणीवर टाकाव्यात, असे या गटाचे धोरण होते. पुढे समाजवादी चळवळीत तत्त्वाशी तडजोड करणाऱ्यांसाठी हा शब्द निंदाव्यंजक म्हणून रूढ झाला.

भारतात १९६७ मध्ये हरियाणातील आमदार गया लाल यांनी अल्पावधीत अनेकदा पक्ष बदलला आणि त्यातून 'आयाराम-गयाराम' हा शब्दप्रयोग देशभर पोहोचला. १९८५ च्या ५२व्या घटनादुरुस्तीने राज्यघटनेत दहावे परिशिष्ट जोडून पक्षांतरास प्रतिबंध केला. मूळ तरतुदीत एक तृतीयांश सदस्यांच्या फुटीला असलेली मुभा २००३ च्या ९१व्या घटनादुरुस्तीने काढून टाकली. मतपरिवर्तनाचे स्वातंत्र्य आणि मतदाराला दिलेला शब्द यांतील ताण मात्र कायम आहे.

नवी मुंबईतील उदाहरण

ठाणे खाडीच्या पूर्वेकडील पट्टा पूर्वी भातशेती, मिठागरे आणि मासेमारी यांवर जगणाऱ्या आगरी-कोळी वस्तीचा होता. १९६२ मध्ये स्थापन झालेल्या महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाने या पट्ट्यात ठाणे-बेलापूर औद्योगिक क्षेत्र विकसित केले. महापे हे गाव याच क्षेत्रात येते. येथे कारखान्यांच्या जोडीला पुढे माहिती तंत्रज्ञान कंपन्यांची संकुले उभी राहिली. १७ मार्च १९७० रोजी सिडकोची स्थापना झाली आणि ठाणे, पनवेल व उरण तालुक्यांतील ९५ गावांचे सुमारे ३४४ चौरस किलोमीटर क्षेत्र नव्या शहरासाठी ठरवण्यात आले.

त्या काळी लागू असलेल्या १८९४ च्या भूसंपादन कायद्यानुसार मोबदला प्राथमिक अधिसूचनेच्या दिवशीच्या बाजारभावाने ठरत असे. संपादनानंतरच्या वापरामुळे जमिनीची किंमत वाढणार असली, तरी ती वाढ हिशेबात धरण्यास कायद्याने मनाई होती. म्हणजेच शहर वसल्याने निर्माण होणाऱ्या मूल्यात मूळ जमीनधारकाला वाटा नव्हता. याविरुद्ध शेतकरी कामगार पक्षाचे नेते दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली झालेल्या आंदोलनात १६ व १७ जानेवारी १९८४ रोजी जासई परिसरात पोलीस गोळीबार होऊन पाच जण मृत्युमुखी पडले. या लढ्यातून संपादित क्षेत्राच्या साडेबारा टक्के इतका विकसित भूखंड परत देण्याचे तत्त्व पुढे आले. ६ मार्च १९९० च्या शासन निर्णयाने सिडकोच्या प्रकल्पासाठी ही योजना लागू झाली आणि १९९४ मध्ये तिच्यात सुधारणा करण्यात आली. या क्षेत्रातून सार्वजनिक सुविधांसाठी काही वाटा वजा केला जातो.

योजनेसोबत संधिसाधूपणाचा प्रश्न नव्या रूपात उभा राहिला. वारसांची संख्या, कागदपत्रांतील त्रुटी आणि वाटपाची दीर्घ प्रक्रिया यांमुळे अनेक कुटुंबांना भूखंडासाठी वर्षानुवर्षे थांबावे लागले. या काळात इसार देऊन व कुलमुखत्यारपत्र घेऊन भूखंडाचा हक्क वाटपापूर्वीच विकत घेण्याची प्रथा पडली. भूखंड कोणत्या नोडमध्ये मिळेल आणि त्याला काय भाव येईल, याचा अंदाज मध्यस्थाला असे. लग्नकार्य, आजारपण किंवा कर्ज यांनी अडलेल्या कुटुंबाला तो असेलच असे नाही.

या व्यवहारांकडे दोन दृष्टींनी पाहिले जाते. खरेदीदाराने अनिश्चितता पत्करली, रोख रक्कम गरजेच्या वेळी दिली आणि कागदपत्रे मार्गी लावली, हा एक युक्तिवाद आहे. यात थेल्सची जोखीम दिसते. ज्याला वाट पाहणे परवडत नव्हते, त्याच्या नाइलाजाची किंमत कमी लावली गेली, हा दुसरा युक्तिवाद आहे. येथे ऱ्होड्सचा व्यापारी आठवतो. विशेष म्हणजे जमीनधारकांनीही शासनाच्या गरजेची वेळ साधूनच आपली मागणी रेटली होती. त्यांच्या कृतीला संधिसाधूपणा म्हटले जात नाही, कारण मागणी उघड होती, ती सर्वांसाठी होती आणि तिची किंमत त्यांनी स्वतः मोजली.

कायदेशीर तरतुदी

भारतीय करार कायदा, १८७२ च्या कलम १६ नुसार वर्चस्वाच्या स्थितीचा गैरवापर करून घेतलेली संमती हा अनुचित प्रभाव ठरतो. कलम १७ नुसार केवळ मौन म्हणजे कपट नव्हे. मात्र परिस्थितीनुसार बोलणे कर्तव्य असेल, तर मौनही कपट ठरू शकते. कलम २५ नुसार मोबदला अपुरा आहे एवढ्यावरून करार रद्द होत नाही. संमती मुक्त होती का, हे ठरवताना न्यायालय तो विचारात घेऊ शकते. शेअर बाजारात अप्रकाशित माहितीच्या आधारे व्यवहार करण्यास सेबीच्या २०१५ च्या नियमांनी बंदी आहे.

२०१३ च्या भूसंपादन कायद्याने (१ जानेवारी २०१४ पासून लागू) १८९४ चा कायदा रद्द केला. त्याच्या कलम १०२ नुसार संपादित जमीन विकास न करता अधिक किमतीला हस्तांतरित झाल्यास वाढीव मूल्याचा ४० टक्के वाटा मूळ धारकांना द्यावा लागतो.

निकष

संधी साधणे आणि संधिसाधूपणा यांत फरक करताना सामान्यतः चार प्रश्न विचारले जातात : दोन्ही पक्षांना आवश्यक माहिती होती का, समोरच्याला नकार देण्याची किंवा थांबण्याची मोकळीक होती का, जोखीम कोणी पत्करली, आणि सर्व गोष्टी उघड झाल्यावरही तोच व्यवहार त्याच अटींवर झाला असता का. शेवटच्या प्रश्नाचे उत्तर 'नाही' असे असेल, तर व्यवहार कायदेशीर असूनही नैतिक आक्षेपास पात्र ठरू शकतो.

हे सुद्धा पहा

सिडको • महापे • नवी मुंबई • दि. बा. पाटील • पक्षांतरबंदी कायदा • भूसंपादन