न्यायाधिकरणाच्या आदेशाची सही-शिक्क्याची नक्कल : सातारा-सांगलीतील पक्षकारांसाठी

वतन जमिनीचा वाद, नोकरीतील अन्याय, जात पडताळणी अशा प्रकरणांत आपली माणसे वर्षानुवर्षे हेलपाटे घालतात. निकाल लागतो, पण आदेशाची नक्कल हाती नसते आणि तेवढ्यात अपिलाची मुदत निघून जाते. म्हणून ही माहिती देत आहोत.

कोणती प्रकरणे?
राज्य कर्मचाऱ्यांच्या सेवाविषयक तक्रारी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे (मॅट) जातात. सातारा व सांगली जिल्हे मुंबई खंडपीठाखाली येतात. जमिनीची काही प्रकरणे महसूल न्यायाधिकरणाकडे जातात. महार वतनाच्या कायद्यात बदल करण्यासाठी बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई विधिमंडळात विधेयक मांडले होते. ही वतने १९५८ च्या कायद्याने रद्द झाली, तरी त्या जमिनींचे वाद अजून संपलेले नाहीत.

हक्क कुठून येतो?
भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ७४ नुसार न्यायाधिकरणाच्या कृतींची नोंद हा सार्वजनिक दस्तऐवज आहे. ज्याला तो पाहण्याचा हक्क आहे, त्याला फी भरून प्रमाणित प्रत मिळते (कलम ७५). जुन्या कायद्यात हेच कलम ७६ होते. संकेतस्थळावरून उतरवलेली प्रत वाचायला चालते, पण ती प्रमाणित प्रत होत नाही.

अर्ज कसा करावा?
१. प्रकरण क्रमांक, पक्षकारांची नावे व आदेशाची तारीख लिहून निकालानंतर लगेच नक्कल अर्ज द्या.
२. अर्जाच्या स्थळप्रतीवर आवक क्रमांक व शिक्का घ्या. फीची पावती जपून ठेवा.
३. नकलेवर अर्जाची, नक्कल तयार झाल्याची व दिल्याची तारीख आहे का, ते पाहा.

तारखा का महत्त्वाच्या?
मुदत कायदा, १९६३ च्या कलम १२ नुसार अपिलाची मुदत मोजताना नक्कल मिळवण्यास लागलेला वेळ वगळतात. अर्ज करण्यापूर्वी वाया घालवलेले दिवस मात्र वगळले जात नाहीत. मॅटच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयात रिट करता येते, हे चंद्रकुमार खटल्यात (१९९७) सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले. तिथे ठराविक मुदत नसली, तरी विनाकारण झालेला उशीर अंगाशी येतो.

नक्कल नाकारली तर?
तोंडी नकार ऐकून परतू नका. कारण लेखी मागा आणि प्रबंधकांकडे लेखी तक्रार द्या. माहिती अधिकाराच्या मागे आधी लागू नका. उच्च न्यायालयाच्या न्यायिक कागदांसाठी त्या न्यायालयाच्याच नियमांनी अर्ज करावा, असे सर्वोच्च न्यायालयाने ४ मार्च २०२० रोजी सांगितले आहे. न्यायाधिकरणातही सरळ मार्ग नक्कल अर्जाचाच आहे.

पैसे नसतील तर?
विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ नुसार अनुसूचित जातीच्या व्यक्तीला व कोणत्याही स्त्रीला मोफत विधी सहाय्य मिळते. आदेशांच्या प्रमाणित प्रती मिळवून देणेही त्यात येते. सातारा व सांगली येथील जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा.

१८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरात सुरू झाले असून सातारा व सांगली त्यात आहेत. न्यायालय जवळ आले आहे, पण तिथेही आदेशाची प्रत जोडावीच लागते. कार्यकर्त्यांनी गावात कुणाचा निकाल लागला की पहिला प्रश्न विचारावा : नक्कल अर्ज दिला का?