चार दृश्ये की रोहिणीचे पाणी? सिद्धार्थाच्या गृहत्यागाची पुस्तके आणि आपले नाटक

चिखलदऱ्याला आलेल्या पाहुण्याला पहिल्याच दिवशी एक गोष्ट ऐकायला मिळते. भीमाने कीचकाला मारून इथल्या दरीत फेकले, म्हणून हा कीचकदरा. त्याचाच पुढे चिखलदरा झाला. भीमकुंडाचे नावही त्याच गोष्टीतले. ही व्युत्पत्ती कितपत खरी, याची चौकशी सहसा कोणी करत नाही. कीचकाच्या याच कथेवर कृ. प्र. खाडिलकरांनी १९०७ साली 'कीचकवध' हे नाटक आणले. प्रेक्षकांना कीचकात लॉर्ड कर्झन दिसला आणि १९१० मध्ये इंग्रज सरकारने नाटकावर बंदी घातली. जुनी कथा रंगमंचावर कशी सांगितली जाते, याची सरकारला एवढी धास्ती होती. आपण बौद्ध मात्र आपल्या सर्वांत महत्त्वाच्या कथेबाबत बरेच गाफील आहोत.

वैशाख पौर्णिमेला अमरावती-अकोल्याकडे लहान मुलांचे नाटुकले नाहीतर चित्ररथ ठरलेला असतो. रथात सिद्धार्थ, सोबत सारथी छन्न. रस्त्यात आधी म्हातारा, मग आजारी, मग तिरडी, शेवटी संन्यासी. मध्यरात्री झोपलेल्या यशोधरेकडे आणि राहुलकडे एकदा पाहून राजपुत्र निघतो. टाळ्या पडतात. पुढे वर्षावासात त्याच विहारात 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' वाचला जातो, आणि त्यात गृहत्यागाचे हे कारण नाही. नुसते नाही असेही नव्हे. ग्रंथाच्या प्रस्तावनेतच बाबासाहेबांनी ते नाकारले आहे. म्हातारपण, आजार, मृत्यू या रोजच्या गोष्टी; एकोणतीस वर्षांच्या माणसाला तोवर त्या दिसल्याच नव्हत्या, हे बुद्धीला पटत नाही.

मग ही चार दृश्ये आली कुठून? दीघनिकायातल्या महापदान सुत्तात ती आहेत, पण तिथे ती गौतमाची नाहीत, विपस्सी या आधीच्या बुद्धाची आहेत. पुढे जातकांची निदानकथा, ललितविस्तर आणि अश्वघोषाचे बुद्धचरित यांतून ती सिद्धार्थाच्या चरित्रात पक्की बसली. अश्वघोष हा कवी तसाच नाटककार. त्याच्या 'शारिपुत्रप्रकरण' या नाटकाच्या ताडपत्रांचे तुकडे मध्य आशियात जर्मन मोहिमेला सापडले आणि हाइनरिश ल्यूडर्स या विद्वानाने ते १९११ मध्ये प्रसिद्ध केले. आज हाती असलेल्या संस्कृत नाटकांत हे अवशेष सर्वांत जुने मानले जातात. तेव्हा नाटक बौद्धांनी कोणाकडून उसने आणलेले नाही. अडचण एवढीच, की चांगल्या कवीने रंगवलेला प्रसंग लोकांच्या मनातून लवकर जात नाही.

मराठीत कृष्णराव अर्जुन केळुसकरांचे बुद्धचरित्र १८९८ चे. मॅट्रिक झालेल्या भीमरावांना त्यांनी १९०७ मध्ये तेच भेट दिले. पण जुन्या चौकटीला खरा धक्का दिला तो धर्मानंद कोसंबींनी. गोव्यातल्या सांखवाळ गावी १८७६ मध्ये जन्मलेला, शाळेचे शिक्षण धड नसलेला हा तरुण 'बालबोध' मासिकातला बुद्धावरचा लेख वाचून भारावला आणि १८९९ मध्ये घर सोडून निघाला. पुणे, काशी, नेपाळ करत तो श्रीलंकेत पोचला आणि तिथे पाली शिकला. पुढे हार्वर्डला 'विसुद्धिमग्गा'च्या संपादनावर काम केले, फर्ग्युसनमध्ये पाली शिकवली, परळला कामगारवस्तीत बहुजन विहार उभा केला. 'निवेदन' हे त्यांचे आत्मवृत्त एकदा वाचाच. शिष्यवृत्तीच्या अर्जांनी वैतागलेल्या आपल्या पोरांना ते जवळचे वाटेल.

कोसंबींचे 'भगवान बुद्ध' १९४०-४१ मध्ये आले. त्यांनी थेट सुत्तांना प्रश्न विचारला. सुत्तनिपातातल्या अत्तदण्ड सुत्तात बुद्ध स्वतः सांगतात, की एकमेकांविरुद्ध शस्त्र उचललेली, थोड्या पाण्यातल्या माशांसारखी तडफडणारी माणसे पाहून मला भय वाटले. अरियपरियेसन सुत्तात आईवडील रडत असताना घर सोडल्याचे आहे. मध्यरात्रीच्या पलायनाचे नाही. यावरून कोसंबींनी गृहत्यागाचा संबंध शाक्य-कोलियांच्या भांडणाशी जोडला. १९४० च्या दशकात त्यांनी बुद्धाच्या जीवनावर 'बोधिसत्त्व' नावाचे नाटकही लिहिले. नावच सांगते की नायक अजून बुद्ध झालेला नाही, त्याचा निर्णय व्हायचा आहे. पंडिताला आपले संशोधन नाटकातून मांडावेसे वाटले, ही बाब मला महत्त्वाची वाटते. कोसंबी गांधींच्या जवळचे होते आणि १९४७ मध्ये सेवाग्रामला वारले, म्हणून आपल्यातले काही जण त्यांचे पुस्तक हातात घेत नाहीत. हे मला पटत नाही. बाबासाहेबांनी कोणाचे पुस्तक वाचावे हे लेखकाची जात किंवा गट पाहून ठरवले नाही.

१९५७ मध्ये प्रकाशित झालेल्या बाबासाहेबांच्या ग्रंथात तर अख्खा प्रवेशच लिहून ठेवल्यासारखा आहे. रोहिणी नदीचे पाणी आधी कोणी घ्यायचे यावरून मारामारी होते. सेनापती शाक्य संघापुढे युद्धाचा ठराव मांडतो. आठ वर्षे संघाचा सभासद असलेला सिद्धार्थ विरोध करतो आणि सुचवतो: त्यांचे दोन, आपले दोन, त्या चौघांनी पाचवा निवडावा आणि तंटा मिटवावा. मतदानात तो हरतो. सैन्यात जायलाही नकार देतो. मग फाशी किंवा हद्दपारी, नाहीतर कुटुंबावर बहिष्कार आणि जमीनजप्ती. बहिष्कार म्हणजे काय, हे आपल्या आजी-आजोबांना समजावून सांगावे लागणार नाही. घरच्यांना शिक्षा नको म्हणून तो परिव्रज्या घेतो. यशोधरा इथे झोपलेली नाही; ती जागी आहे, विचार करते आणि त्याचा निर्णय योग्य असल्याचे त्याला सांगते.

अभ्यासकांचा आक्षेप इथे दडवू नये. पाली अट्ठकथांत रोहिणीचे भांडण संबोधीनंतरचे आहे आणि बुद्ध स्वतः जाऊन ते मिटवतात. कोसंबी आणि बाबासाहेब ते गृहत्यागाच्या कारणाशी नेतात. वादात कोणी हा मुद्दा काढला तर गडबडून जाऊ नये. अट्ठकथा सुत्तांनंतर कित्येक शतकांनी आजच्या रूपात आल्या. दोघांच्याही मांडणीला आधार तर्काचा आहे, आणि तर्क उघडपणे मांडणे हीच बाबासाहेबांची रीत होती.

रंगमंचावर आपली सुरुवात मात्र चांगली होती. मिलिंद महाविद्यालयाचे म. भि. चिटणीस यांचे 'युगयात्रा' बाबासाहेबांच्या हयातीत रंगमंचावर आले आणि नागपूरच्या धर्मांतर सोहळ्यातही त्याचा प्रयोग झाला. 'बुद्ध आणि त्यांचा धम्म'च्या मराठी अनुवादातही याच चिटणीसांचा हात आहे. पुढे दत्ता भगत, प्रेमानंद गज्वी यांनी दलित रंगभूमी मोठी केली. विहारातले पोरांचे नाटुकले मात्र तिथेच अडकून राहिले.

मेळघाटात पावसाळ्यात धो धो पाऊस पडतो आणि एप्रिल-मेमध्ये काही गावे टँकरची वाट पाहतात. टँकर आला की पहिला हंडा कोणाचा यावरून आवाज चढतात. रोहिणीचा प्रवेश इथल्या पोरांना फार समजावून द्यावा लागत नाही. ग्रंथाच्या पहिल्या खंडाच्या पहिल्या भागात तो आहे, पंधरा मिनिटांत बसतो. तिरडी लागत नाही, घोडा लागत नाही. सभेसाठी एक सतरंजी लागते, आणि सेनापतीच्या कामाला खड्या आवाजाची एखादी मुलगी.