पादहस्तासन मठातले की तालमीतले?

ओवे हे पनवेल तालुक्यातले भाताचे गाव. १९७०मध्ये सिडको स्थापन झाली, नवी मुंबईची आखणी झाली आणि या पट्ट्यातली खाचरे एकेक करून भरावाखाली गेली. आज गावाच्या शेजारी खारघरच्या इमारती आहेत. २०१५पासून आंतरराष्ट्रीय योग दिनासाठी सरकारने जो सामाईक क्रम ठरवून दिला, तोच इथेही शिकवला जातो, आणि त्यात उभ्या आसनांमध्ये पादहस्तासन आहे. ताठ उभे राहायचे, कमरेतून पुढे वाकायचे, गुडघे न दुमडता तळवे पावलांशी टेकायचे. हे आसन ऋषिमुनींपासून चालत आले, असे शिकवणाराही समजतो आणि शिकणाराही. मला ते पटत नाही. हे वाकणे महाराष्ट्राच्या तालमीत आणि सूर्यनमस्कारांत वाढले, मग योगात आले, आणि हा सगळा प्रवास मुख्यतः गेल्या शंभरेक वर्षांतला आहे.

आधी ग्रंथ पाहू. पतंजलींच्या सूत्रांत एकाही आसनाचे नाव नाही. पंधराव्या शतकातल्या हठयोगप्रदीपिकेत १५ आसने सांगितली आहेत, त्यांत उभ्याने करायचे एकही नाही. घेरण्डसंहितेतली आसने ३२. तिथे एका पायावरचे वृक्षासन भेटते, पादहस्तासन भेटत नाही. यावर कुणी म्हणेल, पश्चिमोत्तानासन तर प्रदीपिकेत आहे, तेच उभ्याने केले की झाले. आकृती सारखी दिसते हे खरे. पण बसून पाय पसरल्यावर धड पायांकडे आपल्यालाच ओढून न्यावे लागते. उभ्याने वाकल्यावर धडाचे वजनच ते खाली नेते आणि सगळा तोल पावलांवर येतो. शिवाय बसलेले आसन तिथेच स्थिरावण्यासाठी असते, उभ्याने वाकलेला माणूस पुढच्या हालचालीला तयार असतो. हा फरक मला महत्त्वाचा वाटतो, कारण नमस्कार हा सगळा हालचालींचाच व्यायाम आहे.

नमस्कारांना शाळेच्या मैदानापर्यंत आणले ते औंधच्या भवानराव पंतप्रतिनिधींनी. १९०९मध्ये ते गादीवर आले. संस्थानातल्या शाळांत त्यांनी सूर्यनमस्कार सुरू केले, त्यावर पुस्तके लिहिली, आणि १९३८मध्ये लंडनहून त्यांचे इंग्रजी पुस्तकही निघाले. त्यांच्या दहा अंकी नमस्कारात हे वाकणे दोनदा येते, खाली जाताना आणि उठताना. त्यातली एक बारीक गोष्ट पाहण्यासारखी आहे. पहिल्या वाकण्यात तळवे जिथे टेकले तिथून ते हलवायचे नाहीत. पाय मागे जातात, छाती जमिनीला लागते, पाय परत येतात, पण हात जागच्या जागी. म्हणजे पुढच्या साऱ्या नमस्काराचे माप या एका वाकण्याने ठरते. नीट वाकला नाहीत तर सगळाच नमस्कार वाकडा. ही रीत ज्याने बसवली तो शरीराकडे वस्तादाच्या नजरेने पाहत होता.

तालीम आणि योग यांतला हा भेद त्या काळच्या योगशिक्षकांनाही माहीत होता. १९१८मध्ये मुंबईत योग संस्था काढणाऱ्या श्रीयोगेंद्रांनी सूर्यनमस्कार योगात मिसळण्याला उघड विरोध केला. लोणावळ्याला १९२४मध्ये कैवल्यधाम उभारणारे स्वामी कुवलयानंद मात्र स्वतः बडोद्याच्या माणिकरावांच्या आखाड्यात तयार झालेले. तालीम आणि योग ही त्यांना एकमेकांची शत्रू वाटली नाहीत. तिकडे म्हैसूरला कृष्णमाचार्यांच्या १९३४च्या कानडी ‘योगमकरंद’मध्ये उत्तानासन, म्हणजे हेच उभ्याने वाकणे, आरंभीच येते. त्यांचे शिष्य बी. के. एस. अय्यंगार १९३७मध्ये पुण्यात आले ते कायमचे, आणि १९६६च्या त्यांच्या इंग्रजी ग्रंथातून हे वाकणे जगभरच्या घरांत पोचले.

माझ्या या मतावरचा सर्वांत वजनदार आक्षेप पुण्यातूनच येतो. भारत इतिहास संशोधक मंडळात ‘हठाभ्यासपद्धति’ नावाची संस्कृत पोथी आहे. जेसन बर्च आणि मार्क सिंगल्टन या अभ्यासकांनी ती प्रकाशात आणली. काळ बहुधा अठरावे शतक, प्रदेश बहुधा महाराष्ट्राचाच. तिच्यात शंभराहून अधिक आसने आहेत, त्यांत उभ्या आसनांचा वेगळा गट आहे. मग उभी आसने योगात आधीपासून होतीच की! होती, आणि शंभर वर्षांचा माझा हिशेब त्या मानाने सैल करायला हवा. पण त्याच पोथीत दोरीवरची आसनेही आहेत, आणि ती पाहताना मराठी वाचकाला मल्लखांबच आठवेल. तालीम आणि योग यांच्यामधली भिंत पेशवाईच्या काळातच पातळ झाली होती, असेच ती पोथी सुचवते. मूळ तालमीत निघाले म्हणून आसनाची किंमत कमी होत नाही. ज्या परंपरेने आपले शरीर घडवले तिचे नाव पुसून दुसरीचे लावणे मात्र अन्याय आहे.

ओव्यासारख्या गावातून आणखी एक प्रश्न येऊ शकतो. इथल्या पिढ्या आषाढात दिवसभर वाकूनच भात लावत आल्या. त्यांना वाकणे कोणी शिकवायचे? प्रश्न रास्त आहे, आणि कष्टाला व्यायाम म्हणून गौरवणे मला खोटे वाटते. लावणीत डाव्या हातात रोपांची मूठ असते, उजवा हात चिखलात रोप खोवतो, पाय एकेक पाऊल मागे सरतात, आणि पाठ तशीच आडवी राहते. मूठ संपेपर्यंत कमर सरळ करता येत नाही, बांधावर पुढची मूठ तयारच असते. औंधच्या शाळेतला मुलगा तितकाच वाकला, तरी त्याच्या प्रत्येक वाकण्याला उठण्याचा अंक जोडलेला होता.