कुलाब्यातल्या चुंबकांची फुगडी

नेव्हीनगरच्या पुढे मुंबई संपते आणि समुद्र सुरू होतो. त्या टोकावर टाटा मूलभूत संशोधन संस्थेची, म्हणजे टीआयएफआरची, लांबलचक इमारत आहे. ही संस्था मुंबईत आली ती १९४५ मध्ये, पेडर रोडवरच्या ‘केनिलवर्थ’ बंगल्यात. १९४९ मध्ये तिने बिऱ्हाड हलवलं गेटवेजवळच्या जुन्या यॉट क्लबात. कुलाब्याच्या इमारतीचं उद्घाटन पंडित नेहरूंच्या हस्ते झालं, ते जानेवारी १९६२ मध्ये. संस्थेचं नाव निघालं की लोकांना होमी भाभा आठवतात, विश्वकिरण आठवतात, अणुऊर्जा आठवते. पण चुंबकत्वावर काम करणाऱ्यांना, मग ते टोकियोत असोत की झुरिकमध्ये, या पत्त्यावरून निघालेलं एक छोटं गणित आधी आठवतं.

ते छापून आलं १९६९ मध्ये, ‘जर्नल ऑफ मॅथेमॅटिकल फिजिक्स’ या अमेरिकी नियतकालिकात. लेखक दोन: चंचलकुमार मजुमदार आणि दीपन घोष. मजुमदार मूळचे कलकत्त्याचे. अमेरिकेत वॉल्टर कोन यांच्या हाताखाली पीएचडी करून ते मुंबईत आले होते. या कोन यांना पुढे १९९८ मध्ये रसायनशास्त्राचं नोबेल मिळालं. घोष तेव्हा मजुमदारांचे विद्यार्थी होते. नंतर ते पवईच्या आयआयटीत प्राध्यापक झाले.

गणिताची पाळंमुळं मात्र युरोपातली. १९२८ मध्ये हायझेनबर्गने दाखवलं की लोखंडासारख्या धातूचं चुंबकत्व इलेक्ट्रॉनांच्या परस्परसंबंधातून येतं. प्रत्येक इलेक्ट्रॉन स्वतःच एक चिमुकलं चुंबक असतो. त्याच्या या गुणाला ‘स्पिन’ म्हणतात. १९३७ मध्ये ब्रिस्टलच्या एका परिषदेत द बोअर आणि व्हेरवाय या डच शास्त्रज्ञांनी एक अडचण मांडली. निकेल ऑक्साइडमधून वीज सहज वाहायला हवी, असं तेव्हाचा सिद्धांत सांगत होता. प्रत्यक्षात ते विद्युतरोधक निघालं. तिथे उपस्थित असलेल्या पायर्ल्सने कारण सुचवलं. इलेक्ट्रॉन एकमेकांना इतक्या जोरात दूर लोटतात की शेजारच्या अणूवर उडी मारणं त्यांना परवडत नाही; जो तो आपापल्या जागी अडकून पडतो. नेव्हिल मॉट यांनी हा विचार पुढे नेला आणि अशा पदार्थांना त्यांचंच नाव मिळालं.

जागा सोडता येत नाही, पण स्पिन मात्र वळवता येतो, अशी त्या इलेक्ट्रॉनची अवस्था. सगळं नाट्य आता स्पिनांचं.

अशा बहुतेक पदार्थांत शेजारच्या दोन स्पिनांना विरुद्ध दिशांना तोंड करायला आवडतं. फ्रान्सच्या लुई नेल यांनी १९३० च्या दशकात चित्र मांडलं ते असं: एक वर, एक खाली, पुन्हा एक वर. १९४९ मध्ये अमेरिकेत ओक रिज इथे शल आणि स्मार्ट यांनी मँगनीज ऑक्साइडवर न्यूट्रॉनांचा मारा करून ही मांडणी प्रत्यक्ष दाखवली. पण एका ओळीतल्या चुंबकांचा हिशेब हान्स बेथेने १९३१ मध्येच अचूक सोडवला होता, आणि त्याचं उत्तर निराळं होतं. एकाच रांगेत उभे असलेले हे स्पिन कडक शिस्तीने वर-खाली राहूच शकत नाहीत. क्वांटम चंचलता ती शिस्त मोडून टाकते.

मजुमदार आणि घोष यांनी या रांगेला एक जादा नातं जोडलं. प्रत्येक चुंबकाचं फक्त शेजाऱ्याशी नाही, तर एक सोडून पुढच्याशीही वैर. लगेच कोंडी झाली. पहिला वर, दुसरा खाली, तर तिसऱ्याने कुठे बघायचं? दुसऱ्याच्या विरुद्ध जावं तर पहिल्याशी जमवून घ्यावं लागतं, आणि पहिल्याच्या विरुद्ध जावं तर दुसऱ्याशी. दोघांनी छोट्या साखळ्या घेऊन आकडेमोड केली. दूरच्या वैराचा जोर जवळच्या वैराच्या नेमका निम्मा ठेवला, तेव्हा उत्तर कमालीचं सोपं आलं: रांगेतले चुंबक दोन-दोनच्या जोड्या करतात आणि प्रत्येक जोडी बाकीच्यांपासून अलिप्त राहते.

ही जोडी कशी असते, ते मंगळागौरीच्या फुगडीवरून समजतं. हात गुंफून गरगरणाऱ्या दोघी कायम एकमेकींच्या विरुद्ध बाजूंना असतात. पण त्यांतली कोणती उत्तरेला आणि कोणती दक्षिणेला, असं विचारण्यात अर्थ नसतो. जोडीला स्वतःची दिशाच उरत नाही. अशा जोडीला भौतिकशास्त्रात ‘सिंगलेट’ म्हणतात.

जोर निम्माच का, याचं उत्तर वहीच्या एका पानावर मावतं. रांगेतले कोणतेही लागोपाठचे तीन चुंबक घेतले की त्रिकोण होतो. अशा त्रिकोणांत संपूर्ण रांग वाटून टाकली, तर जवळचं प्रत्येक नातं दोन त्रिकोणांत मोजलं जातं आणि लांबचं एकातच. म्हणून लांबचा जोर निम्मा असला की त्रिकोणाच्या तिन्ही बाजू सारख्या होतात. आता अशा त्रिकोणात तिघांनी कमीत कमी ऊर्जेत नांदायचं, तर सर्वांत स्वस्त मार्ग एकच: दोघांनी फुगडी धरावी, तिसऱ्याने बाजूला राहावं. रांगेत एक-दोन, तीन-चार अशा फुगड्या लागल्या, तर कोणत्याही लागोपाठच्या तिघांत एक पूर्ण जोडी सापडतेच. सगळे त्रिकोण एकाच वेळी खूश. दोन-तीन, चार-पाच अशी सुरुवात एका जागेने सरकवली तरी चालतं. त्यामुळे रांगेच्या दोन टोकांना जोडून कडं केलं की सर्वांत कमी ऊर्जेच्या अवस्था नेमक्या दोन मिळतात.

त्या काळी हे कागदावरचं गणित होतं. पण त्याचा वंश वाढत गेला. टीआयएफआरमध्येच पीएचडी केलेले श्रीराम शास्त्री १९८१ मध्ये अमेरिकेच्या बिल सदरलँड यांच्यासह हीच कल्पना रांगेतून पटावर घेऊन गेले. त्यांनी जोड्या एकमेकींना काटकोनात मांडल्या. शेजारच्या जोडीतली मुलगी इथल्या फुगडीतल्या दोघींनाही सारख्याच जोराने ओढते. फुगडीला दिशा नसल्याने ती ओढ आपोआप रद्द होते. १९८७ मध्ये ॲफ्लेक, केनेडी, लीब आणि तासाकी यांनी अशाच जोड्यांच्या विणीतून एक नवं मॉडेल उभं केलं. चुंबकांच्या रांगांबद्दल डंकन हाल्डेन यांनी १९८३ मध्ये केलेल्या वादग्रस्त भाकिताला त्याने भक्कम आधार दिला. हाल्डेन यांना २०१६ मध्ये नोबेल मिळालं.

जोड्यांचा हा विचार १९८७ मध्ये बंगळुरातही गाजला. फिलिप अँडरसन यांनी १९७३ मध्येच सुचवलं होतं की काही पदार्थांत फुगड्या एका जागी थांबत नाहीत, जोडीदार सतत बदलत राहतात. १९८६ मध्ये बेडनोर्झ आणि म्युलर यांना तांब्याच्या ऑक्साइडमध्ये उच्च तापमानाची अतिसंवाहकता सापडली. त्यानंतर काही महिन्यांतच, जानेवारी १९८७ मध्ये, बंगळुरातल्या परिषदेत अँडरसन यांनी त्या नव्या पदार्थांचं मर्म या बदलत्या जोड्यांत असल्याचं मांडलं. तो वाद आजही मिटलेला नाही.

शास्त्री-सदरलँड मॉडेलचं नशीब मात्र १९९९ मध्ये उघडलं. टोकियो विद्यापीठात कागेयामा आणि सहकारी स्ट्राँशियम कॉपर बोरेट नावाचं संयुग तपासत होते. त्यात तांब्याचे अणू जोडी-जोडीने आणि एकमेकांना काटकोनात बसलेले असतात. मियाहारा आणि उएदा यांनी दाखवलं की गणिताच्या दृष्टीने ही रचना १९८१ च्या मॉडेलचीच आहे. हा पदार्थ जबर चुंबकी क्षेत्रात ठेवला की त्याचं चुंबकत्व सरळ रेषेत वाढत नाही. ते पायऱ्यापायऱ्यांनी चढतं. हे मॉडेल डोळ्यांपुढे ठेवून कोणी ते स्फटिक घडवलं नव्हतं. त्याचं उत्तर अठरा वर्षं आधीच छापून तयार होतं.

मजुमदार पुढे कलकत्त्याला परतले. १९७६ मध्ये त्यांना भटनागर पुरस्कार मिळाला. सत्येंद्रनाथ बोस राष्ट्रीय केंद्राचे ते संस्थापक संचालक झाले. २००० मध्ये त्यांचं निधन झालं. पाठ्यपुस्तकांत ‘मजुमदार-घोष बिंदू’ हे नाव मात्र कायम झालं.

कुलाब्याचं ते गणित आज कोणाही विद्यार्थ्याला घरच्या लॅपटॉपवर करून पाहता येतं. आठ चुंबकांचं कडं घ्यायचं, जवळचा जोर १, लांबचा अर्धा. एकूण अवस्था २५६. जोड्या चार आणि प्रत्येक जोडीची ऊर्जा उणे पाऊण. संगणक २५६ अवस्थांचा सगळा पसारा तपासतो आणि सर्वांत कमी ऊर्जा सांगतो: बरोबर उणे ३.