मेबलचा आवाज

इंदूरच्या आमच्या वाड्यात पहिल्यांदा व्हीसीआर भाड्याने आणला, तेव्हा तीन सिनेमे हिंदी होते आणि एक इंग्रजी. इंग्रजीचा हट्ट काकाचा. पोरांना टेलिफोनचा शोध कसा लागला ते कळावं म्हणून त्याने 'द स्टोरी ऑफ अलेक्झांडर ग्रॅहॅम बेल' ही कॅसेट कुठूनशी मिळवली. १९३९ चा, काळा-पांढरा. पोरं दहा मिनिटांत पसार. शेवटपर्यंत बसलो फक्त मी आणि माई आत्या. आत्याला जन्मापासून ऐकू यायचं नाही.

सिनेमा तसा गोड आहे. डॉन अमिची बेल झालाय, हेन्री फोंडा त्याचा मदतनीस वॉटसन, आणि लोरेटा यंग मेबल हबर्ड. मेबलच्या बहिणी म्हणून दिसतात त्या लोरेटाच्याच बहिणी, बरं का. पुढे अमेरिकेत लोक गमतीने टेलिफोनलाच 'अमिची' म्हणायला लागले.

मेबल पाच वर्षांची असताना स्कार्लेट फीव्हरने बहिरी झाली. बेल तिच्यापेक्षा दहा वर्षांनी मोठा, बोस्टनमध्ये तिचा शिक्षक. ती ओठ वाचून बोलणं समजून घ्यायची. हे मी आत्याला खुणांनी सांगितलं, तशी ती सरसावून बसली. थोड्या वेळाने तिने माझी बाही ओढली. पडद्याकडे बोट, मग स्वतःच्या गळ्यावर हात. म्हणजे, हिचा आवाज कसा आहे? माझ्यासारखा?

मी दहा वर्षांचा. खरं तेच सांगितलं. नाही, छान आहे.

आत्या पुन्हा पडद्याकडे बघत बसली. ती बोलली की पाहुणे एकमेकांकडे बघायचे, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

खूप वर्षांनी वाचलं की खऱ्या मेबलचं बोलणंही परक्या माणसाला चटकन कळत नसे. सिनेमाने तेवढं गाळलं. हिरॉइन ना ती!

आणखीही गाळलंय. बेलच्या आईला कमी ऐकू यायचं, तिच्याशी तो बोटांच्या मुळाक्षरांनी बोलायचा. पण बहिऱ्या मुलांना हातांनी नाही, तोंडानेच बोलायला शिकवावं, या मताचा तो मोठा पुरस्कर्ता. १८८० साली मिलानला बहिऱ्यांच्या शिक्षकांची परिषद भरली, तिने हाच ठराव केला आणि देशोदेशीच्या शाळांतून खुणांची भाषा हद्दपार झाली. त्याबद्दल खेद व्यक्त झाला तो २०१० मध्ये, व्हँकुव्हरच्या परिषदेत. १३० वर्षांनी! तोवर आमच्या आत्याचं शाळेत जाऊन झालं होतं. तिथे हात मांडीखाली दाबून बसायला लावायचे, हे तिनेच हातांनी करून दाखवलेलं. घरी आजोबांचंही तेच, पंगतीत हातवारे नकोत, लोक काय म्हणतील.

स्वयंपाकघरात मात्र आजोबांचा कायदा चालत नसे. आजी, काकू, आई, सगळ्यांना आत्याची भाषा येत होती. कपाळावरून पगडी फिरवली की आजोबा. हनुवटीखाली बोट घासलं की दूधवाला. आजही आमच्या घरात चहा हवा असेल तर कोणी बोलत नाही, मनगट नुसतं कलतं करतात.

बेलला खलनायक करायचं नाही मला. मेबलवर त्याचा जीव होता. ११ जुलै १८७७ ला लग्न झालं तेव्हा टेलिफोन कंपनीतले त्याचे शेअर होते. दहा ठेवून बाकी सगळे त्याने तिच्या नावावर केले. पण तिला जन्मभर तो टेलिफोन वापरता आला नाही.

मला सगळ्यात आवडलेली हकीकत १८७६ ची. फिलाडेल्फियाच्या प्रदर्शनात टेलिफोन दाखवायचा होता आणि बेल जायलाच तयार नव्हता, म्हणे विद्यार्थ्यांच्या परीक्षा आहेत. मेबलने गुपचूप तिकीट काढलं, बॅग भरली, त्याला स्टेशनवर नेलं. तो वाद घालायला लागला, तशी तिने तोंड फिरवलं. ओठच दिसेनात, मग ऐकायचं कसं! बिचारा गाडीत चढला. तिथे ब्राझीलच्या बादशहाने टेलिफोन कानाला लावला आणि बेलचं नाव झालं.

ही गोष्ट मी आत्याला सांगितली तेव्हा ती सत्तरी ओलांडलेली. ती इतकी हसली की डोळ्यांत पाणी आलं. मग हात कपाळावर नेऊन पगडी केली, आजोबांसारखं बोट नाचवलं, आणि स्वतः डोळे गच्च मिटून घेतले.

म्हणजे आजोबा रागवायचे तेव्हा हीसुद्धा तेच करत होती.